घराण्याची माणसे, जगाची चित्रे

जपानी भाषेत मनोरंजनाच्या व्यवसायाला 'गेइनोकाई' असा शब्द आहे. 'गेइनो' म्हणजे कला-करमणूक आणि 'काई' म्हणजे जग. मराठीत भाव पकडायचा तर बिरादरी. नट, गायक, विनोदवीर, टीव्हीवरचे सूत्रसंचालक, जाहिरातींतले चेहरे आणि त्यांना सांभाळणाऱ्या संस्था या बिरादरीत मोडतात. मांगा म्हणजे चित्रकथा, अ‍ॅनिमे आणि व्हिडिओ गेम यांचा समावेश मात्र या शब्दात सहसा होत नाही. गंमत अशी की जपानबाहेरच्या प्रेक्षकाला नेमके हेच तीन प्रकार ठाऊक असतात. जपानी घरांत रोज रात्री टीव्हीवर दिसणारे चेहरे त्याला ओळखताही येत नाहीत. माणसे घरात राहिली आणि चित्रे जगभर फिरली, असे हे विचित्र चित्र आहे. त्याची कारणे जपानी लोकांच्या स्वभावात शोधण्याची रीत आहे, पण ती व्यवसायाच्या बांधणीत अधिक सापडतात, आणि ती बांधणी बरीच जुनी आहे.

इ. स. १६०३ च्या सुमारास ओकुनी नावाच्या स्त्रीने क्योतोमध्ये कामो नदीच्या कोरड्या पात्रात नाच आणि नकलांचे खेळ सुरू केले. कबुकीचा आरंभ तेथून मानतात. नदीचे पात्र ही कोणाचीच नसलेली, गावकुसाबाहेरची जागा. तेथे राहणाऱ्या-खेळणाऱ्यांना 'कावारामोनो', म्हणजे नदीपात्रातले लोक, असे हिणवून म्हटले जाई. नाचाबरोबर देहविक्रयही चालतो म्हणून शोगुनच्या राजवटीने १६२९ मध्ये स्त्रियांना रंगभूमीवर बंदी घातली. मग कोवळी मुले आली. १६५२ मध्ये त्यांच्यावरही बंदी आली. उरले प्रौढ पुरुष. त्यांच्यातून 'ओन्नागाता' हा स्त्रीपार्टी नटांचा संप्रदाय घडला आणि चारशे वर्षांत त्याने स्त्रीत्वाची स्वतंत्र भाषाच तयार केली. समाजाच्या उतरंडीत नट तळाला होता, तरी त्याची रंगीत लाकूडठशाची चित्रे हातोहात खपत आणि त्याच्या किमोनोवरची नक्षी शहरभर नेसली जाई. शेजारी नको, पण भिंतीवर हवा, असे हे नाते होते.

या हेटाळणीवरचा नटांचा उपाय म्हणजे घराणे. कबुकीत नाव माणसाचे नसते, घराण्याचे असते. इचिकावा दांजूरो हे नाव सतराव्या शतकापासून चालत आले आहे. सध्याचा तेरावा दांजूरो नोव्हेंबर २०२२ मध्ये त्या गादीवर बसला. चहापानाचा विधी, पुष्परचना, पारंपरिक नृत्य अशा कलांत हीच व्यवस्था 'इएमोतो' या नावाने आहे: घराण्याचा प्रमुख शिष्याला नाव देतो, शिकवण्याचा परवाना देतो आणि त्याबद्दल रक्कम घेतो. हिंदुस्थानी संगीतातले घराणे आणि गंडाबंधन माहीत असलेल्यांना यात परके काही वाटणार नाही. शिष्य लहान वयात येतो, पडेल ते काम करतो, पैशाचा विषय काढत नाही आणि दुसऱ्याच्या दारात जात नाही. विसाव्या शतकातल्या करमणूक कंपन्यांनी ही चौकट उचलली आणि तिला हिशेबाची वही जोडली.

अशा कंपन्यांत तीन नावे महत्त्वाची. शोचिकु ही कंपनी आपली सुरुवात १८९५ पासून मोजते; क्योतोतल्या नाट्यगृहांतून वर आलेल्या दोघा भावांनी ती उभी केली. आज कबुकीचे जवळजवळ सगळे व्यावसायिक प्रयोग तिच्या हाती आहेत. योशिमोतो १९१२ मध्ये ओसाकात सुरू झाली. दोघांनी समोरासमोर उभे राहून करायच्या 'मांझाई' या विनोदी संवादाचा तिने कारखानाच काढला. त्यात 'बोके' म्हणजे बावळटपणा करणारा आणि 'त्सुक्कोमि' म्हणजे टपली मारून त्याला भानावर आणणारा. ओसाकाची बोली देशभर विनोदाची भाषा ठरली ती याच कारखान्यामुळे. योशिमोतोकडे आज हजारो विनोदवीर आहेत, आणि त्यांतल्या बहुतेकांशी कंपनीचा लेखी करारच नव्हता, ही गोष्ट २०१९ मध्ये एका प्रकरणातून चव्हाट्यावर आली. तोंडी शब्द पुरेसा आहे, अशी कंपनीची भूमिका होती. घराण्यात शिष्याशी करार कोण करतो?

तिसरे नाव ताकाराझुका, आणि ते सगळ्यांत रंजक. ओसाकाजवळ एका रेल्वे कंपनीचा रुळ ताकाराझुका या गरम पाण्याच्या झऱ्यांच्या गावी संपत होता. शेवटच्या स्थानकापर्यंत लोकांनी तिकीट काढावे म्हणून कंपनीचे प्रमुख इचिझो कोबायाशी यांनी तेथे बंदिस्त जलतरण तलाव बांधला. तो चालला नाही. मग १९१३ मध्ये त्यांनी फक्त मुलींचा संगीत चमू जमवला आणि पुढच्या वर्षी त्याच तलावावर फळ्या टाकून पहिला प्रयोग केला. कबुकीत पुरुष स्त्री होतो, येथे स्त्री पुरुष होते. 'ओतोकोयाकु' म्हणजे पुरुषपात्रे करणाऱ्या नटींच्या मागे लाखो स्त्रिया वेड्या असतात. दोन वर्षे शाळा, मग पाचांपैकी एका मंडळीत प्रवेश. नटींना आजही अधिकृतपणे 'विद्यार्थिनी' म्हणतात आणि लग्न ठरले की मंडळी सोडावी लागते. २०२३ च्या सप्टेंबरात पंचवीस वर्षांच्या एका सदस्येचा मृत्यू झाला. अतिरेकी कामाचे तास आणि वरिष्ठ मुलींकडून झालेली छळवणूक कंपनीला २०२४ मध्ये मान्य करावी लागली. शिस्त या शब्दाआड काय काय दडू शकते, ते त्यातून दिसले.

सिनेमाची सुरुवातही रंगभूमीच्या सावलीत झाली. मूकपटाच्या काळात पडद्याशेजारी 'बेन्शी' उभा राहून सगळ्या पात्रांचे संवाद म्हणे, कथा समजावून देई, आणि अनेकदा लोक चित्रपटापेक्षा त्याचे नाव वाचून तिकीट काढत. बोलपट आल्यावर हा वर्ग पाहता पाहता रस्त्यावर आला. दिग्दर्शक आकिरा कुरोसावा यांचे थोरले भाऊ बेन्शी होते. बेन्शींच्या संपाचे पुढारपण त्यांनी केले आणि १९३३ मध्ये आत्महत्या केली. युद्धानंतरची पंधरा वर्षे जपानी सिनेमाची सुगी होती. 'राशोमोन'ला १९५१ मध्ये व्हेनिसला सर्वोच्च पुरस्कार मिळाला, १९५३ मध्ये यासुजिरो ओझु यांचा 'तोक्यो मोनोगातारी' आला, आणि १९५४ या एकाच वर्षी तोहो कंपनीने 'सात सामुराई' आणि 'गोजिरा' हे दोन्ही चित्रपट दिले. १९५८ मध्ये देशात ११२ कोटींहून अधिक तिकिटे विकली गेली, म्हणजे तान्ह्या बाळापासून म्हाताऱ्यापर्यंत माणशी बारा. पुढच्या पाच वर्षांत हा आकडा निम्म्याहून खाली घसरला.

घसरणीचे कारण टीव्ही, हे खरेच. पण त्याआधी स्टुडिओंनी स्वतःच्या पायावर धोंडा पाडून घेतला होता. १९५३ मध्ये पाच बड्या कंपन्यांनी आपसांत करार केला की एकाचा नट, दिग्दर्शक दुसऱ्याने घ्यायचा नाही. पुढे त्यांनी टीव्हीलाही चित्रपट आणि नट देणे नाकारले. हेतू टीव्हीची कोंडी करण्याचा होता. झाले उलटेच: टीव्हीने आपले चेहरे दुसरीकडून मिळवले, आणि हे चेहरे पुरवणारा नवा मध्यस्थ उभा राहिला. तो म्हणजे 'जिमुशो'.

'जिमुशो' या शब्दाचा अर्थ नुसता 'कार्यालय' असा आहे. व्यवहारात तो कलाकाराचा मालक, पालक, शिक्षक आणि द्वारपाल आहे. अमेरिकेत नट आपला एजंट नेमतो आणि कमाईतला ठरावीक वाटा त्याला देतो. जपानात संस्था कलाकाराला ठेवून घेते आणि बहुधा महिन्याचा पगार देते. ही पद्धत रुजवली वातानाबे प्रॉडक्शन्सने. १९५५ मध्ये जॅझ वाजवणाऱ्या एका वादकाने पत्नीसह ती सुरू केली. तोवर वादक रात्रीच्या बिदागीवर जगत. वातानाबेने पगार सुरू केला, कार्यक्रम स्वतः तयार करून वाहिन्यांना द्यायला सुरुवात केली आणि १९६० च्या दशकाच्या आरंभी ध्वनिमुद्रणाची मूळ फीतही रेकॉर्ड कंपनीऐवजी आपल्याच मालकीची ठेवली. त्यामुळे संस्था श्रीमंत झाली, कलाकाराला स्थैर्य मिळाले. मात्र गाणे, छायाचित्र, कधी कधी नावसुद्धा संस्थेचे झाले. पंधरा-सोळा वर्षांच्या मुलीला संस्था खोली देते, गाणे-नाच शिकवते, दातही नीट करून घेते. नवोदितांवर केलेला हा खर्च दहांतल्या एकाच्या यशातून वसूल करायचा असतो. म्हणून यशस्वी झालेल्याने निघून जाणे ही चोरी मानली जाते, आणि गेलेल्याला काम द्यायचे नाही हा अलिखित दंडक होतो. २०१३ च्या एका लोकप्रिय मालिकेची नायिका २०१६ मध्ये आपल्या संस्थेपासून वेगळी झाली. तिने 'नोन' असे नाव घेतले, कारण जन्माने मिळालेले नाव वापरण्यावरच वाद होता. टीव्ही मालिकांतून ती वर्षानुवर्षे दिसेनाशी झाली. त्याच वर्षी ती अ‍ॅनिमेत ऐकू आली: 'कोनो सेकाई नो कातासुमि नी' या युद्धकाळावरच्या चित्रपटात नायिकेचा आवाज तिचा आहे. माणसाला बंद असलेले दार चित्राला उघडे होते.

टीव्हीने जपानला 'तारेंतो' ही जमात दिली. शब्द इंग्रजी 'टॅलेंट'वरून आला, पण अमुक एक कला यावी अशी अट त्यात नाही. स्टुडिओत ओळीने बसायचे, दुसऱ्याची चित्रफीत पाहून चकित व्हायचे, रामेनची वाटी चाखून डोळे विस्फारायचे. पडद्याच्या कोपऱ्यात त्या चेहऱ्याची छोटी चौकट दिसत राहते. कमाईचा मोठा भाग जाहिरातीतून येतो. जपानी जाहिरातीत वस्तूपेक्षा चेहरा मोठा असतो, आणि त्या चेहऱ्यावर डाग पडलेला प्रायोजकाला चालत नाही. एखाद्या प्रेमप्रकरणासाठी दिवे लावून पत्रकार परिषद घेणे, काळ्या पोशाखात कमरेतून वाकून माफी मागणे हा विधी या व्यवहारातून आला आहे. प्रसारणाची रचनाही त्याला साजेशी आहे. सार्वजनिक एनएचके आणि तोक्योतल्या पाच खासगी वाहिन्या यांच्याभोवती सगळे फिरते, आणि या पाचांचे नाते पाच मोठ्या वृत्तपत्रांशी आहे. वर्षाच्या शेवटच्या रात्री एनएचकेवर स्त्री-पुरुष गायकांचा सामना होतो. १९५१ मध्ये रेडिओवर सुरू झालेला हा कार्यक्रम अजून चालतो. १९८३-८४ मधील 'ओशिन' या सकाळच्या मालिकेला सरासरी ५२.६ टक्के प्रेक्षक लाभले. अशा घरगुती बाजारपेठेचा मालक बाहेर कशाला पाहील?

आयडॉल ही या पद्धतीची सर्वांत शुद्ध निर्मिती. १९६४ मध्ये जपानात लागलेल्या एका फ्रेंच चित्रपटावरून हा शब्द रुळला असे मानतात. व्यवसाय मात्र १९७१ मध्ये सुरू झालेल्या 'स्टार तांजो' या गुणशोधाच्या कार्यक्रमाने उभा केला. तेथून आलेली मोमोए यामागुची वयाच्या एकविसाव्या वर्षी, १९८० मध्ये, बुदोकान सभागृहाच्या रंगमंचावर माइक खाली ठेवून निघून गेली आणि लग्न करून पुन्हा कधी परतली नाही. तिचे गाणे उत्तम होते. पण आयडॉलला उत्तम गाता यावे ही अपेक्षा नसते, किंबहुना थोडे कच्चेपण हवेच. चाहत्याला तयार कलाकार नको असतो. शिकणारी, धडपडणारी, वर्षागणिक सुधारणारी मुलगी हवी असते, कारण त्या वाढीत त्याचा वाटा असतो.

गीतकार यासुशी आकिमोतो यांनी हा वाटा मोजून विकला. डिसेंबर २००५ मध्ये तोक्योच्या आकिहाबारा भागातल्या एका स्वस्त वस्तूंच्या दुकानाच्या आठव्या मजल्यावर, अडीचशे आसनांच्या नाट्यगृहात एकेबी फोर्टी-एट या समूहाचा पहिला प्रयोग झाला. जाऊन भेटता येतील अशा आयडॉल, ही कल्पना. सीडीसोबत हस्तांदोलनाचे तिकीट मिळे: काही सेकंद समोर उभे राहायचे, दोन शब्द बोलायचे, मागून कर्मचारी खांद्याला धरून पुढे सरकवणार. २००९ पासून सीडीत मतपत्रिकाही येऊ लागली आणि पुढच्या गाण्यात पुढे कोण उभे राहणार ते चाहते मतदानाने ठरवू लागले. २०११ मध्ये पहिल्या आलेल्या मुलीला १,३९,८९२ मते पडली. 'एक व्यक्ती, एक मत' हा नियम नव्हता. एकेका चाहत्याने शेकडो सीडी घेतल्या, मतपत्रिका काढून घेतल्या आणि चकत्या टाकून दिल्या. बाकी जगात सीडी मरत असताना जपानात दहा-दहा लाखांचे खप दिसत राहिले, त्यामागे हेही होते.

या नात्याची किंमत मुली देतात. प्रेम करायचे नाही ही अट करारात असते किंवा गृहीत असते. २०१३ मध्ये एका सदस्येने मित्राच्या घरी रात्र काढल्याची बातमी साप्ताहिकात आल्यावर डोक्याचे केस भादरून, रडत माफी मागितल्याची चित्रफीत प्रसिद्ध केली. जपानबाहेर त्यावर मोठा गहजब झाला. न्यायालयांचेही एकमत नव्हते. सप्टेंबर २०१५ मध्ये तोक्यो जिल्हा न्यायालयाने नियम मोडणाऱ्या एका आयडॉलला ६,५०,००० येन भरपाई द्यायला लावली. चार महिन्यांनी त्याच न्यायालयातल्या दुसऱ्या न्यायाधीशांनी, प्रेम करणे हा सुखाने जगण्याच्या अधिकाराचा भाग आहे असे म्हणत संस्थेचा दावा फेटाळला. दरम्यान २०१४ मध्ये हस्तांदोलनाच्या कार्यक्रमात एका माणसाने करवतीने हल्ला केला. त्यानंतर प्रवेशद्वारावर तपासणी आली, पण हस्तांदोलन बंद झाले नाही.

मुलांच्या आयडॉलवर जवळपास साठ वर्षे एकाच संस्थेची मक्तेदारी होती. लॉस एंजेलिसमध्ये जन्मलेले जॉनी कितागावा यांनी १९६२ मध्ये तिची सुरुवात केली. दहा-बारा वर्षांची मुले घ्यायची, थोरल्यांच्या मागे नाचवायची आणि त्यांतून समूह काढायचे, ही तिची रीत. स्मॅप, आराशी यांसारखे समूह घरोघर पोहोचले. स्मॅपमधल्या काहींनी वेगळे होण्याचा विचार केल्यावर जानेवारी २०१६ मध्ये पाचही जणांना गडद सुटात थेट प्रसारणात माफी मागावी लागली. माफी कोणाची आणि कशाबद्दल, हे न बोलताच सगळ्यांना कळले. कितागावा मुलांचे लैंगिक शोषण करतात हे आरोप 'शूकान बुन्शून' साप्ताहिकाने १९९९ पासून छापले होते. कितागावांनी दावा लावला. २००३ मध्ये तोक्यो उच्च न्यायालयाने लेखांतला हा मुख्य भाग खरा मानला आणि २००४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते कायम ठेवले. वाहिन्या आणि मोठी वृत्तपत्रे याबाबत जवळजवळ गप्प राहिली. बातमी दिली तर त्या मुलांचे कार्यक्रम मिळणार नाहीत, हे गणित साधे होते. कितागावा २०१९ मध्ये सन्मानाने गेले. मार्च २०२३ मध्ये बीबीसीचा माहितीपट आला, पीडित पुढे आले, चौकशी समिती बसली, सप्टेंबरात संस्थेने गुन्हे कबूल केले आणि पुढच्या महिन्यात जुने नाव पुसले गेले. पाचशेहून अधिक जणांना भरपाई देण्यात आली आहे. देशातल्या पत्रकारांना जे ठाऊक होते ते बाहेरच्यांनी बोलून दाखवावे लागले, यात संस्थेइतकाच माध्यमांचाही निवाडा झाला.

ही संस्था आपल्या मुलांची छायाचित्रे संकेतस्थळांवर येऊ देत नसे. मासिकाच्या मुखपृष्ठाचे चित्र ऑनलाइन दुकानात दिसे तेव्हा त्यातल्या नटाच्या जागी करड्या रंगाची आकृती असे. २०१८ नंतरच हा नियम सैल झाला. दक्षिण कोरियाचे समूह यूट्यूबवरून जग जिंकत होते ती नेमकी या बंदीचीच वर्षे. जपानी गायक परदेशात गाजत नाहीत याचे स्पष्टीकरण या करड्या आकृतीत बरेचसे मिळते. १९६३ मध्ये क्यू साकामोतो यांचे जपानी गाणे अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर गेले होते, म्हणजे भाषा ही काही अडचण नव्हती.

चित्रांच्या दुनियेचे अर्थकारण निराळे आहे. चित्रकथाकार ओसामु तेझुका यांचे 'शिन ताकाराजिमा' १९४७ मध्ये आले आणि सिनेमासारखी हलती मांडणी कागदावर आली. तेझुका ताकाराझुकात वाढले होते, आईबरोबर मुलींची संगीत नाटके पाहत. तलवार चालवणाऱ्या राजकन्येची त्यांची कथा आणि तिचे मोठाले चमकदार डोळे त्या रंगमंचाचे ऋणी आहेत. १९५९ पासून मुलांची साप्ताहिके निघाली. जाड, स्वस्त, पुनर्वापराच्या खरबरीत कागदाची, वाचून गाडीतच टाकून देण्याची. १९६८ मध्ये सुरू झालेले 'शोनेन जंप' १९९४ च्या अखेरीस ६५ लाख ३० हजार प्रतींवर पोहोचले. त्याचे शस्त्र म्हणजे वाचकाचे पोस्टकार्ड: दर अंकाबरोबर आवडीनिवडी विचारायच्या, तळाला गेलेली कथा काही आठवड्यांत गुंडाळायची. 'ड्रॅगन बॉल', 'स्लॅम डंक', १९९७ पासून चाललेली 'वन पीस' या छाननीतून टिकल्या. येथेही राबणूक अमानुष आहे. आठवड्याला एकोणीसेक पाने काढणारा चित्रकार आणि त्याचे मदतनीस झोपेला पारखे असतात. तरी एक फरक मोलाचा: कथेचा स्वामित्वहक्क चित्रकाराकडे राहतो. जिमुशोतल्या गायकाला हे भाग्य क्वचित लाभते.

अ‍ॅनिमेला मात्र तेझुकांनीच एक शाप देऊन ठेवला, असे त्या धंद्यातले लोक म्हणतात. १ जानेवारी १९६३ पासून 'तेत्सुवान आतोमु' ही अर्ध्या तासाची साप्ताहिक मालिका त्यांनी खर्चाहून कमी दरात वाहिनीला दिली. तूट खेळण्यांतून, चॉकलेटच्या वेष्टनांवरच्या चित्रांतून भरून काढायची. पैसे वाचवण्यासाठी चित्रे कमी केली: ओठ हलतात, चेहरा स्थिर, पार्श्वभूमी सरकते, पात्र जागेवर. या काटकसरीतून एक शैली जन्मली आणि स्वस्त दरही कायमचा बसला. पुढे 'सेइसाकु इइनकाई' म्हणजे निर्मिती समितीची प्रथा आली. प्रकाशक, वाहिनी, रेकॉर्ड कंपनी, खेळणीवाला, जाहिरात संस्था मिळून भांडवल घालतात, धोका वाटून घेतात आणि हक्कही वाटून घेतात. चित्रे काढणारा स्टुडिओ बहुधा ठरीव मजुरीचा धनी. मालिका जगभर गाजली तरी त्याच्या हाती काही लागत नाही. मधली चित्रे काढणाऱ्या नवख्याला एका चित्रामागे सुमारे दोनशे येन मिळतात. क्योतो अ‍ॅनिमेशनसारख्या स्टुडिओने पगारी कारागीर ठेवून, घरचीच शाळा काढून वेगळा मार्ग दाखवला. जुलै २०१९ मध्ये तेथे एका माणसाने लावलेल्या आगीत ३६ जण गेले. १९८५ मध्ये स्थापन झालेल्या घिबली या स्टुडिओने चित्रपटांचा मार्ग धरला. हायाओ मियाझाकी यांच्या 'सेन तो चिहिरो' या २००१ च्या चित्रपटाचा उत्पन्नाचा विक्रम २०२० मध्ये 'किमेत्सु नो याइबा'ने मोडला, तोही करोनाच्या वर्षात. २०२३ मध्ये अ‍ॅनिमेची एकूण बाजारपेठ ३.३ लाख कोटी येनांच्या पुढे गेली आणि त्यातला निम्म्याहून अधिक भाग परदेशातून आला.

खेळांची गोष्ट थोडक्यात सांगता येते, कारण ती जिमुशोच्या वाटेला कधी गेलीच नाही. निन्तेंदो १८८९ मध्ये क्योतोत पत्ते बनवणारी कंपनी होती. १९७८ मध्ये ताइतोचा 'स्पेस इन्व्हेडर्स', १९८३ मध्ये निन्तेंदोचा फॅमिकॉम, १९९४ मध्ये सोनीचे प्लेस्टेशन, १९९६ मध्ये पोकेमॉन. अभियंत्यांचा आणि निर्यातीचा हा धंदा पहिल्यापासून जगाकडे तोंड करून होता. कराओकेचे नशीब निराळे. कोबेच्या मद्यालयांत साथ करणारे दाइसुके इनोउए यांनी १९७१ मध्ये नाणे टाकून साथसंगत वाजवणारे यंत्र भाड्याने दिले आणि एकस्वच घेतले नाही. जगभर पसरलेल्या धंद्यातून त्यांना मिळाला तो २००४ चा विनोदी नोबेल.

या सगळ्याच्या तळाशी चाहता आहे, आणि त्याची प्रतिमा चाळीस वर्षांत पार उलटली. 'ओताकु' ही १९८३ मध्ये एका लेखातून रूढ झालेली हेटाळणी होती. १९८९ मध्ये बालिकांच्या एका खुन्याच्या खोलीत चित्रफितींचे ढीग सापडल्यावर तो शब्द भयाचा झाला. आज 'ओशीकात्सु' म्हणजे आपल्या आवडत्या कलाकाराला पाठबळ देण्याचा उद्योग हा सरकारी कार्यालयातल्या बाईंपासून शाळकरी मुलापर्यंत सर्वांचा मान्य छंद आहे. त्यासाठी विशिष्ट रंगाच्या दिव्याच्या कांड्या, बिल्ल्यांनी मढवलेल्या पिशव्या, चित्र ठेवायला केकशेजारी जागा देणारे कॅफे आहेत. रिन उसामी यांना या वेडावरच्या कादंबरीसाठी वयाच्या एकविसाव्या वर्षी आकुतागावा पारितोषिक मिळाले. चाहते निर्मातेही आहेत. डिसेंबर १९७५ मध्ये ३२ गट आणि सुमारे सातशे माणसांनी सुरू केलेल्या 'कॉमिकेत' या हौशी चित्रकथांच्या जत्रेला आता लाखोंनी लोक येतात. तेथे विकल्या जाणाऱ्या बऱ्याच वह्या दुसऱ्याच्या पात्रांवर बेतलेल्या, म्हणजे कायद्याच्या कचाट्यात येणाऱ्या असतात. प्रकाशक डोळेझाक करतात, कारण उद्याचे चित्रकार तेथूनच येतात. २००७ मध्ये साप्पोरोच्या एका कंपनीने आणलेली हात्सुने मिकु ही तर निव्वळ आवाजाची आज्ञावली. तिची गाणी चाहत्यांनी रचली आणि तिच्या त्रिमितीय प्रतिमेचे कार्यक्रम भरगच्च चालतात. २०१६ नंतर आलेले व्हीट्यूबर हे चित्राच्या मुखवट्याआड बोलणारी खरी माणसे. आयडॉलच्या आणि अ‍ॅनिमेच्या दोन वाटा तेथे एकत्र येतात, आणि त्यांना सांभाळणाऱ्या दोन कंपन्या आता शेअर बाजारात आहेत.

भारताशी या उद्योगाचे नाते दुतर्फा आहे. युगो साको आणि मुंबईचे राम मोहन यांनी मिळून केलेला रामायणावरचा अ‍ॅनिमे चित्रपट १९९० च्या दशकाच्या सुरुवातीला पुरा झाला, पण भारतीय चित्रपटगृहांत तो रीतसर जानेवारी २०२५ मध्ये लागला. दरम्यान 'डोरेमॉन' आणि 'शिनचॅन' यांनी एक पिढी वाढवली. मराठी घरांतल्या मुलांचे हिंदी शाळेपेक्षा 'डोरेमॉन'मधल्या नोबिताने अधिक घडवले अशी पालकांची तक्रार असते. उलट बाजूने रजनीकांतचा 'मुथू' १९९८ मध्ये तोक्योत गाजला, आणि जानेवारी २०२४ मध्ये ताकाराझुकाने 'आरआरआर' रंगमंचावर आणला. दोन्ही मिशाळ नायक स्त्रियांनी केले. सरकारनेही 'कूल जपान' या नावाने २०१३ मध्ये निधी उभारला. तो तोट्यात राहिला. निर्यात वाढली ती परदेशी प्रवाह-वाहिन्यांमुळे आणि सोनीने २०२१ मध्ये विकत घेतलेल्या क्रंचीरोलसारख्या अ‍ॅनिमेच्या दुकानांमुळे.

माणसांच्या बाजूला मात्र आता भिंती खचत आहेत. जानेवारी २०२५ मध्ये फुजी टीव्हीने एका बड्या सूत्रसंचालकाशी संबंधित प्रकरण दडपल्याच्या आरोपावर दहा तासांहून लांब पत्रकार परिषद घेतली. प्रायोजकांनी आधीच जाहिराती काढून घेतल्या होत्या, आणि रिकाम्या जागी सार्वजनिक हिताच्या सूचना दिवसभर फिरत राहिल्या. त्याच वर्षी कबुकीच्या स्त्रीपार्टी नटावरचा 'कोकुहो' हा चित्रपट सर्वाधिक कमाई करणारा जपानी जिवंत-नटांचा चित्रपट ठरला; गुंडाचा मुलगा घराण्यात दत्तकासारखा वाढतो आणि रक्त मोठे की कसब, हा प्रश्न त्याला आयुष्यभर छळतो. नोव्हेंबर २०२४ पासून मुक्त व्यावसायिकांचा नवा कायदा लागू झाल्याने कलाकाराला कामाच्या अटी लेखी देणे बंधनकारक झाले. त्याआधी, डिसेंबर २०२२ मध्ये, तोक्यो जिल्हा न्यायालयात एका गायिकेच्या रंगमंचावरील नावाच्या दाव्याचा निकाल लागला होता. करार संपल्यावरही ते नाव संस्थेच्या परवानगीशिवाय वापरायचे नाही, असे कलम होते. न्यायालयाने ते रद्दबातल ठरवले. गायिका तेच नाव लावून गाते.